मास्तरांचे पणजोबा पडले होते का?

गोलकीपर हा मैदानावरचा सर्वांत एकाकी माणूस असतो, याबद्दल फुटबॉलवर गंभीरपणे लिहिणाऱ्या सगळ्यांचं एकमत आहे. अकरा जणांत असून एकटा, पाठीशी दोन खांब आणि पोकळी, वगैरे. मी आयुष्यात एकदाच गोलकीपर झालो आणि ऐन मोक्याच्या क्षणी माझ्या अंगावर तीन माणसं होती. त्यातला एक घरांची छपरं बसवायचा, आणि कौलांची चळत खांद्यावर टाकून शिडी चढताना मी त्याला रोज बसस्टॉपवरून बघत असे. एकाकीपणा अनुभवायला मला सवडच मिळाली नाही.

ही गोष्ट दोन हजार सात सालच्या उन्हाळ्यातली. कायझर्सलाउटर्नच्या विद्यापीठात मी गिअरबॉक्सच्या आवाजावर डॉक्टरेट करत होतो. शहरात मनासारखं घर मिळेना म्हणून आम्ही दोघं जवळच्या एका गावात राहायचो. आदल्या वर्षी विश्वचषक येऊन गेला होता. गावातल्या निम्म्या गॅलऱ्यांत झेंडे अजून लटकत होते, रंग उडालेले. ते कधी उतरवायचे याबद्दलचा नियम बहुधा कुणाला सापडला नव्हता.

गावात माझं मराठी कळणारं माणूस एकच, माझी बायको. त्या उन्हाळ्यात तिचे वडील तीन महिन्यांच्या व्हिसावर राहायला आले आणि संख्या दुप्पट झाली. सासऱ्यांनी बँकेतली नोकरी पोटासाठी केली आणि क्लब क्रिकेटमध्ये अंपायरिंग केलं ते धर्म म्हणून. पुण्यातल्या बहुतेक मैदानांवर त्यांनी कुणाला ना कुणाला बाद दिलेलं आहे. त्यात एकदा मीही होतो, लग्नाच्या बराच आधी. मी तेव्हा कॉलेजच्या संघाचा विकेटकीपर होतो. माझ्या पायाला लागलेला तो चेंडू लेग स्टंपच्या बाहेर जात होता, असं माझं आजही मत आहे. घरात हा विषय काढायचा नाही असं ठरलेलं आहे.

आणि मास्तर. मास्तर वेल्श होते. विद्यापीठात आम्हा इंजिनीअरांना इंग्रजी शिकवायचे, आमचे प्रबंध तपासायचे. बायको याच गावची म्हणून ते तिशीत इथे आले आणि इथलेच झाले. वय साठीच्या पुढे, एक गुडघा नवा बसवलेला. आम्ही त्यांना मास्तर म्हणतो हे कळल्यावर त्यांनी अर्थ विचारला आणि खूश होऊन तो शब्द स्वतःच्या दारावरच्या पाटीवर लिहिता येईल का, याची चौकशी केली. येत नाही. पाटीवर काय असावं हे जर्मनीत पोस्टमनच्या सोयीनं ठरतं.

एका रविवारी मास्तर आमच्याकडे जेवायला आले होते. वरणभात झाला, आणि त्यांनी पिशवीतून एक डबा काढून टेबलावर ठेवला. डब्यात मखमलीची टोपी होती. एकेकाळी गडद लाल असावी, आता वांग्याच्या रंगाची. कडेनं चंदेरी गोफ, वर एक गोंडा. मराठी डोळ्यांना ती मुंजीतल्या मुलाची टोपी वाटली असती, पण मास्तरांनी ती दोन्ही हातांनी उचलली, तेव्हा आम्ही काही बोललो नाही.

"माझ्या पणजोबांची," मास्तर म्हणाले. "राणीच्या काळातली. वेल्सकडून खेळलेल्या माणसाला अशी टोपी मिळायची. ते गोलकीपर होते."

वेल्सच्या उत्तरेला एका गावात पणजोबांचं औषधांचं दुकान होतं. आठवडाभर पुड्या बांधायच्या, शनिवारी दुपारी दुकानाला फळी लावून फुटबॉल खेळायला जायचं. खेळण्याचे पैसे घेणं त्या काळी सभ्य माणसाला शोभत नसे. उन्हाळ्यात क्रिकेट, तिथेही यष्टीमागे. देशाकडून बोलावणं आलं ते एकदाच. एक सामना, एक टोपी.

"दुसऱ्यांदा का नाही बोलावलं?" सासऱ्यांनी विचारलं. अंपायर माणूस, कारण लागतं.

मास्तर पाणी प्यायले. मग सगळं सांगितलं. सामना बरोबरीत, वेळ संपत आलेली. उंच चेंडू आला, पणजोबांनी तो झेलला. त्या काळी गोलकीपरला धक्का मारणं हा गुन्हा नव्हता, रीतसर डावपेच होता. दोघा-तिघांनी मिळून त्याला चेंडूसकट गोलमध्ये कोंबायचं आणि गोल मागायचा. तसे तिघं आले. झुंबड उडाली, आणि ती विरली तेव्हा चेंडू रेषेच्या पलीकडे होता. सामना एका गोलनं गेला. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात आलं, की वेल्सचा गोलकीपर पडला.

"पडला," मास्तर पुन्हा म्हणाले. "धक्का दिला असं नाही. पाडला असंही नाही. पडला. माझे आजोबा या शब्दावरून शाळेत मारामाऱ्या करायचे. वडिलांनी एका लग्नात केली. मी बोलून बोलून थकलो. आमच्या घराण्याचं म्हणणं एकच आहे, की तो माणूस पडणाऱ्यातला नव्हता. पायांत खांब होते त्याच्या."

"मग हरल्यावर घरी येऊन रडले असतील," बायको म्हणाली.

"तीच तर भानगड आहे. पणजी सांगायची, की सगळं घर सुतकात बसलेलं आणि हा माणूस शिट्टी वाजवत जिना चढला. चार दिवस खुशीत होता. डोक्याला मार लागला असावा असं आम्ही समजतो."

मास्तरांना मूलबाळ नव्हतं. टोपी परत डब्यात ठेवताना ते म्हणाले, "माझ्यानंतर याच्यासाठी भांडायला कुणी नाही." हे त्यांनी हवापाण्याबद्दल बोलावं तसं सांगितलं, आणि मग खरा मुद्दा काढला.

गावच्या फुटबॉल क्लबला त्या उन्हाळ्यात शंभर वर्षं होत होती. इथे अशा मंडळाला फेरआईन म्हणतात, आणि गावात माणसांपेक्षा फेरआईन जास्त असतात असा माझा अंदाज आहे. शताब्दीला काय करायचं यासाठी एक समिती होती, तिची एक उपसमिती होती, आणि मास्तरांनी दोघींना पटवून एक प्रदर्शनी सामना ठरवला होता, राणीच्या काळातल्या नियमांनी. क्लब विरुद्ध गावचं स्वयंसेवी अग्निशमन दल. बदल्यात मास्तर ती टोपी क्लबच्या हॉलमधल्या काचेच्या कपाटात कायमची ठेवायला देणार होते. खाली पितळेची छोटी पट्टी. पट्टीवर काय कोरायचं ते सामना झाल्यावर ठरायचं होतं.

"मला एकदा डोळ्यांनी बघायचंय," मास्तर म्हणाले. "चेंडू हातात, तिघं अंगावर. माणूस उभा राहू शकतो की नाही. राहिला, तर मी तसं कोरून घेईन आणि गप्प बसेन. नाही राहिला, तर वर्तमानपत्र खरं होतं, तेही कोरून घेईन. मी स्वतःच उभा राहिलो असतो, पण हा गुडघा क्लबच्या विम्यात बसत नाही."

मी सहानुभूतीनं मान हलवली. सासरे मात्र माझ्याकडे बघत होते, नवा चेंडू तपासावा तसे.

"जावईबापू विकेटकीपर होते," ते मास्तरांना म्हणाले. "फलंदाजी यथातथा. पण हात चांगले."

सासऱ्यांनी माझ्याबद्दल काढलेला हा पहिला चांगला उद्गार. नाही म्हणायची सोयच राहिली नाही. आणि खरं सांगायचं तर नाही म्हणायचंही नव्हतं. इतकी वर्षं मी गिअरबॉक्सला कान लावून बसलो होतो. हातात झेल यावा म्हणून तळवे शिवशिवतात, ही गोष्ट मी विसरूनच गेलो होतो.

तयारी घरातच सुरू झाली. मी इंजिनीअर, त्यामुळे आधी कागदावर माणसाचं चित्र काढून त्याचा गुरुत्वमध्य दाखवला. सासऱ्यांनी कागद बाजूला सारला.

"अहो, फिरकीला बसता तसे बसा. ढुंगण खाली. टाचा रुतवा. आणि चेंडू छातीशी, लेकरासारखा."

आमच्या घराच्या अरुंद बोळात मी तसा बसायचो, पोटाशी उशी धरून. एका बाजूनं बायको आणि दुसऱ्या बाजूनं सासरे धडका द्यायचे. बायकोच्या धडकेत मला खेळापेक्षा काहीतरी जास्त जाणवायचं. "परवा कचरा चुकीच्या डब्यात टाकलास ना," असं म्हणून ती आली, तेव्हा मी थेट स्वयंपाकघरात पोचलो. पण आठवड्याभरात हलेनासा झालो. मजा यायला लागली. रात्रीच्या जेवणाआधी एक फेरी, रविवारी दुपारी दोन.

अशाच एका रविवारी बेल वाजली. खालच्या मजल्यावरच्या आजी. दुपारी जेवणानंतरची वेळ इथे रूहेत्साइट, म्हणजे शांततेची वेळ. तेव्हा भिंतीत खिळा ठोकणं हे सामाजिक पाप आहे.

"वर काय चाललंय?" आजींनी विचारलं.

"माझा नवरा उभं राहायला शिकतोय," बायको जर्मनमध्ये म्हणाली.

आजींनी मला आपादमस्तक न्याहाळलं. मी उशी धरून बसलेलाच होतो. "माझा शेवटपर्यंत नाही शिकला," त्या म्हणाल्या आणि खाली गेल्या. त्यानंतर त्यांनी तक्रार केली नाही.

जुन्या नियमांची पत्रकं मास्तरांनी वाटली होती. ती वाचून गावातले लोक गोंधळले आणि सासरे प्रसन्न झाले. प्रत्येक संघानं आपला एक अंपायर आणायचा. खेळाडूंनी दाद मागितल्याशिवाय अंपायरनं काही द्यायचं नाही. दोघांचं जमलं नाही तर बाहेर बसलेला पंच सांगेल. गोलकीपरला आपल्या अर्ध्या मैदानात कुठेही चेंडू हातानं अडवता यायचा. त्याचा सदरा वेगळा नसायचा. गोलला जाळी नसायची आणि वर आडव्या दांड्याऐवजी एक फीत बांधलेली असायची.

"म्हणजे क्रिकेटच की हे," सासरे म्हणाले. "मागून कुणीतरी बिघडवलेलं दिसतंय." आमच्या बाजूचे अंपायर म्हणून त्यांची नेमणूक तिथल्या तिथे झाली.

सामन्याचा दिवस स्वच्छ उजाडला. मैदानाच्या कडेला तंबू, तंबूत सॉसेजांचा धूर, वाइनमध्ये सोडा घातलेले भले मोठे पेले. केकच्या टेबलामागे आमच्या खालच्या आजी. पण खेळायच्या आधी भाषणं होती. इथे त्याला ग्रुसवोर्ट म्हणतात, शुभेच्छांचा शब्द. शब्द एकवचनी असला तरी भाषण तसं नसतं. शाल-श्रीफळ ही आपलीच मक्तेदारी असं मी समजत होतो. ती समजूत त्या दुपारी गेली. आधी क्लबचे अध्यक्ष बोलले, मग महापौर, मग जिल्ह्याच्या फुटबॉल संघटनेचे कुणीतरी, मग पाद्री. प्रत्येकानं आपल्या आधी बोललेल्या सर्वांचं नाव आणि पद घेऊन स्वागत केलं, त्यामुळे प्रत्येक भाषण आधीच्यापेक्षा लांब होत गेलं. अध्यक्षांनी सांगितलं, की या मैदानावर शंभर वर्षं चारित्र्य घडवलं गेलं आहे. माझ्या शेजारी उभ्या असलेल्या आमच्या कर्णधाराला त्याच वसंतात पंचावर चिखल फेकल्याबद्दल बंदी झाली होती. त्यानं गंभीरपणे टाळ्या वाजवल्या.

मास्तर पहिल्या रांगेत बसले होते. भाषणं संपता संपता ते उठून माझ्याकडे आले. हातात डबा.

"सदरे सगळ्यांचे सारखे," ते म्हणाले. "गोलकीपर कोण ते लोकांना कळायला हवं."

"मास्तर, ती टोपी इतकी जुनी आहे. फाटली तर?"

"ती अशाच दिवसासाठी आहे. वाक."

मी वाकलो. टोपी घट्ट होती. गोंडा कानावर आला. "पडली तर उचलू नकोस," मास्तर म्हणाले. "चेंडू सोडू नकोस. बाकी काही नाही." त्यांनी माझा खांदा दाबला आणि ते आपल्या खुर्चीकडे वळले.

मग भाषणांनंतर वाजणारा बँड थांबला आणि खेळ सुरू झाला, आणि काय सांगू, मी इतका आनंदी त्या देशात त्याआधी कधी झालो नव्हतो.

फुटबॉल मला पायानं येत नाही. पण इथे हात चालत होते, अर्ध्या मैदानात. उंच उडालेला प्रत्येक चेंडू माझा. मी गोल सोडून धावत सुटायचो, "माझा, माझा" असं मराठीत ओरडत, आणि आमचे खेळाडू बाजूला व्हायचे. भाषा कळत नसली तरी वेग कळत होता. पहिला चेंडू तळव्यात बसला, तेव्हा तो धप्प आवाज हातातून पाठीपर्यंत गेला. जुने नियम कुणालाच नीट पाठ नसल्यामुळे गोल होत होते, दोन्हीकडून. आमचा स्वतःचा बचावपटू धक्का मारायची परवानगी आहे म्हणून ज्याला त्याला धक्के देत सुटला होता. त्यात मीही एकदा होतो. प्रेक्षक खुर्च्यांवर उभे राहिले. महापौरांनी कोट काढला.

सासरे रेषेवर उभे होते. पांढरा कोट नव्हता, म्हणून केकच्या टेबलावरचा पांढरा एप्रन मागून घेतला होता, आणि त्यावर पिठाचे हात उमटलेले. दर वेळी कुणीतरी ओरडलं की ते शांतपणे विचारायचे, "हाऊज दॅट म्हणालात का?" नाही म्हटलं तर ते काही द्यायचे नाहीत. अग्निशमन दलाचे जवान शेवटी कंटाळून एका सुरात "हाऊज दॅट" ओरडायला लागले. त्या गावात ते अजून कुठे कुठे ऐकू येतं.

बरोबरी झाली. वेळ संपत आली. पणजोबांच्या सामन्यात होतं तसंच, आणि हे ठरवून झालेलं नव्हतं. मी बाजूला पाहिलं. मास्तर खुर्चीतून उठून गोलच्या खांबाजवळ आले होते. गुडघ्यावर हात.

तेव्हा अग्निशमन दलानं उजवीकडून चेंडू उंच मारला. आभाळात गेलेला. मी सूर्य डोळ्यांवर घेत मागे सरकलो, गोलच्या तोंडाशी. चेंडू खाली यायला लागला आणि त्याच्या खालून तिघं येताना दिसले. मधला कौलांवाला. त्यांनाही मास्तरांची गोष्ट माहीत होती. सगळ्या गावाला होती. तिघंही अगदी मनापासून धावत होते, आणि त्यांचा मला राग आला नाही, उलट बरं वाटलं. लटकं धावले असते तर मास्तरांना कळलं असतं.

चेंडू हातात बसला. मी तो छातीशी ओढला, खाली बसलो, टाचा रुतवल्या. मग ते आले.

धडक मला आवाज म्हणून आठवते. कपाट पडल्यासारखा. छातीतला श्वास गेला. टोपी गेली. टाचा गवत उपटत मागे घसरल्या आणि मला बायकोचा आवाज आला, रेषेपलीकडून, मराठीत, "खाली, अरे खाली बस." मी आणखी खाली बसलो. वजन माझ्यावरून एका खांद्यावर गेलं, तिथून घसरलं, आणि मग अचानक काहीच नव्हतं. मी डोळे उघडले.

कौलांवाला माझ्या डावीकडे पालथा पडला होता. दुसरा त्याच्या पायांवर. तिसरा गुडघ्यावर बसून माझ्याकडे वर बघत होता. पांढरी रेषा माझ्या टाचांच्या मागे होती, वीतभर. चेंडू छातीशी. मी उभा होतो.

खांबाशी मास्तरांनी तोंडावर हात घेतला होता. त्यांच्या आजोबांच्या, वडिलांच्या सगळ्या मारामाऱ्या त्या वेळी जिंकल्या गेल्या होत्या. मला ते कळत होतं. माझ्या अंगात असा काही आनंद चढला, की आत मावेना. तो जेव्हा मावत नाही तेव्हा काय करायचं, हे माझ्या हातांना पंधरा वर्षांच्या सवयीनं पाठ होतं. अवघड झेल घेतल्यावर प्रत्येक विकेटकीपर जे करतो ते मी केलं. चेंडू दोन्ही हातांनी आभाळात उडवला.

तो फार सुंदर उडाला. जरासा मागे. फितीच्याही वरून जाईल असं वाटलं होतं, पण उतरताना तो फितीखालून आत आला, रेषेपलीकडे एकदा टप्पा घेतला आणि जाळी नसल्यामुळे न थांबता गोलमागच्या मक्याच्या शेतात गेला.

"हाऊज दॅट," अग्निशमन दलातला पालथा पडलेला कौलांवाला जमिनीवरूनच म्हणाला.

मी सासऱ्यांकडे पाहिलं. त्यांचं बोट वर होतं.

सामना तिथेच संपला. आम्ही एका गोलनं हरलो. आमचा कर्णधार माझ्याकडे नुसता बघत राहिला. कर्णधाराचे हात चिखलापासून लांब होते हे बरं झालं. बायको मैदानात आली ती थेट वडिलांकडे.

"बाबा, तुम्ही आपल्या बाजूचे अंपायर होतात."

"अंपायरला बाजू नसते," सासरे म्हणाले. "गोल तो गोलच. पण बोट मी त्यांनी विचारायच्या आधीच वर केलं होतं, झेलासाठी. झेल स्वच्छ होता."

मग मास्तर लंगडत आले. त्यांचा चेहरा मला वाचता येईना. वाटेत पडलेली टोपी त्यांनी उचलली नाही.

"तू आत्ता काय केलंस?" त्यांनी विचारलं.

"चेंडू उडवला. माफ करा, मास्तर. सवय आहे. झेल घेतला की आम्ही..."

"कोण आम्ही?"

"क्रिकेटवाले. सगळेच," सासरे मध्ये बोलले. "चांगला झेल असला की हात आपोआप वर जातात. पूर्वीपासून. मी पाहिलेल्या सगळ्यांत जुन्या खेळाडूंचेही जायचे."

"राणीच्या काळातले?"

"तेव्हा तर जास्तच जात असतील. करमणुकीची साधनं कमी होती."

मास्तर खाली बसले. गवतावर, नव्या गुडघ्याची पर्वा न करता. त्यांनी मक्याच्या शेताकडे पाहिलं. तिथे क्लबचे दोघं चेंडू शोधत कणसं हलवत फिरत होते. मग मास्तरांचे खांदे हलायला लागले आणि मला वाटलं झालं, मी या माणसाला रडवलं. पण ते हसत होते. आवाज न करता, डोळे पुसत.

"शिट्टी वाजवत जिना चढला," ते म्हणाले. "अरे, शिट्टी वाजवत. तो उभा होता म्हणून."

"हरल्याचं त्याच्या लक्षात कधी आलं असेल?" बायकोनं हळूच विचारलं.

"चार दिवसांनी," मास्तर म्हणाले आणि पुन्हा हसायला लागले.

मी संशोधक आहे. एका माणसानं एकदा केलेल्या मूर्खपणावरून दुसऱ्यानं तोच केला होता असं सिद्ध होत नाही, हे मला माहीत आहे. पणजोबांनी चेंडू उडवला, की त्यांना ढकललं, की ते खरंच पडले, हे आता कुणीही सांगू शकणार नाही. माझ्या प्रबंधात असा निष्कर्ष काढला असता तर मास्तरांनीच त्याखाली लाल रेघ मारली असती. त्या संध्याकाळी मारली नाही. उलट तंबूत बसून ते एकेकाला बोलावून सांगत होते, की तिघं अंगावर आले तरी माणूस उभा राहतो, हा बघा, हाच तो. कौलांवाल्यानं माझ्यासाठी पेला आणला आणि दंडावर असा हात मारला, की तेव्हा मात्र मी पडलो. खालच्या आजींनी सासऱ्यांचा एप्रन परत मागितला नाही. सासरे तो पुण्याला घेऊन गेले.

जाण्याआधी त्यांनी मला एकदा बाजूला घेतलं. वाटलं, गोलबद्दल बोलतील.

"तो लेग स्टंपच्या बाहेरचा," ते म्हणाले. "लागत होता. मी पुन्हा विचार केला."

टोपी कपाटात ठेवायचा समारंभ पुढच्या महिन्यात झाला. पुन्हा अध्यक्ष, पुन्हा महापौर, पुन्हा सगळ्यांनी सगळ्यांचं स्वागत. अध्यक्षांनी पट्टीवर शौर्य, निष्ठा आणि वेल्स-जर्मन मैत्री हे सर्व बसवून आणलं होतं. मास्तरांनी ते सगळं खोडलं आणि दोनच शब्द ठेवले, "उभा राहिला." पुढे काय झालं ते का नाही, असं मी विचारलं. मास्तर म्हणाले, पट्टी लहान आहे.

टोपी अजून तिथेच आहे. हॉल क्लबच्या एकट्याचा नाही, गावच्या ससे पाळणाऱ्यांच्या मंडळाचाही आहे, आणि कपाट दोघांत एकच. टोपीच्या दोन्ही बाजूंना सशांनी मिळवलेले चषक आहेत. टोपीवर धूळ बसू नये म्हणून अध्यक्षांनी तिच्यावर काचेची हंडी आणून ठेवली, आणि हंडीला जागा हवी म्हणून पितळेची पट्टी एका सशाच्या फोटोखाली सरकवावी लागली. फोटोत ससा बसलेला आहे.